थोडक्यात निभावलं, पण ते कागदावर कधी येणार? (इन्सिडंट रिपोर्टिंगबद्दल चर्चा)

मेघना_क (धागाकर्ती)

मंडळी, मी पुण्यातल्या एका रुग्णालयात क्वालिटी विभागात काम करते. त्याआधी बरीच वर्षं आयसीयूत सिस्टर होते. इन्सिडंट फॉर्म (वॉर्डात काही चुकलं किंवा चुकता चुकता राहिलं की भरायचे) गोळा करायचे, त्यांची छाननी करायची आणि महिन्याच्या कमिटीपुढे मांडायचे, हे माझं काम. त्याबद्दल मनातलं बोलायचंय आणि इतर क्षेत्रांत काय चालतं तेही ऐकायचंय, म्हणून हा धागा.

आमच्याकडे फॉर्म येतच नाहीत असं नाही. पेशंट बाथरूममध्ये घसरला, सिस्टरला सुई टोचली, नातेवाइकांनी वॉर्डात गोंधळ घातला, हे फॉर्म नेमाने येतात, कारण ही प्रकरणं लपत नाहीत. येत नाहीत ते 'थोडक्यात निभावलं' वाले. इंजेक्शन चुकीचं भरलं होतं, पण द्यायच्या आधी लक्षात आलं. एकाच वॉर्डात दोन पाटील, एकाचा रिपोर्ट दुसऱ्याच्या फाइलला लागला, राउंडला सरांनी पकडला. हे सगळं पाळी बदलताना ओव्हर देताना कानावर येतं, चेंजिंग रूममध्ये येतं, डबा खाताना येतं. कागदावर मात्र उतरत नाही. माझ्या मते सगळ्यांत मोलाची माहिती हीच. कुणाला इजा झालेली नसते, पोलीस नसतात, नातेवाईक नसतात, शांत डोक्याने बघता येतं.

एक उदाहरण सांगते. आमच्या एका वॉर्डात रात्रपाळीची सिस्टर अँटिबायोटिक पातळ करायला डिस्टिल्ड वॉटर घेत होती. ट्रेमध्ये १० मिलीच्या प्लास्टिकच्या अँप्युल, सगळ्या पारदर्शक, सगळ्या एकाच आकाराच्या. त्यांच्यावरची अक्षरं उठावाची आणि बिनरंगी, दिव्याखाली तिरकी धरल्याशिवाय वाचता येत नाहीत. टोक मोडायच्या आधी तिने सवयीने अँप्युल उजेडात धरली, तर ते पोटॅशियम क्लोराइड निघालं. ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी: केसीएल, म्हणजे हेच पोटॅशियम क्लोराइड, सलाइनमध्ये मिसळून सावकाश द्यायचं असतं. तसंच शिरेत ढकललं तर हृदय बंद पडू शकतं. तिने अँप्युल बाजूला ठेवली, शेजारच्या सिस्टरला दाखवली आणि दोघी आपापल्या पेशंटकडे गेल्या. मला कळलं ते बऱ्याच दिवसांनी, तेही तिसरीकडून.

मी तिला भेटायला गेले तेव्हा तिचं पहिलं वाक्य होतं, "मॅडम, मी दिलं नाही हो." मी काही विचारलंही नव्हतं. जिच्या सावधपणामुळे एक माणूस वाचला तिला आधी स्वतःचा बचाव करावासा वाटला. ते वाक्य माझ्या डोक्यातून जात नाही.

पुढे काय झालं तेही सांगते. केसीएल वॉर्डाच्या ट्रेमधून काढलं. ते आता फार्मसीत आणि आयसीयूत, कुलपाच्या लाल डब्यात असतं. परचेस विभागाला वेगळ्या दिसणाऱ्या अँप्युल घ्यायला लावल्या. रेट कॉन्ट्रॅक्ट संपेपर्यंत बदलता येणार नाही म्हणून त्यांनी बराच वेळ घेतला, मेडिकल डायरेक्टरांनी सही केल्यावर गाडी हलली. वॉर्डाच्या फळ्यावर मी लिहिलं, 'रात्रपाळीच्या एका सिस्टरने लक्षात आणून दिल्यामुळे हा बदल केला आहे.' नाव नाही. त्यानंतर त्या वॉर्डातून आपणहून फॉर्म यायला लागले.

याआधीची कमिटीची इतिवृत्तं काढून बघितली तर पानोपानी एकच शेवट: 'संबंधितांना समज देण्यात आली', 'अधिक काळजी घेण्याच्या सूचना देण्यात आल्या'. रुग्णालयांना दर्जाची मान्यता देणाऱ्या एनएबीएचच्या तपासणीला हे चालून जातं, कारण फॉर्म आहे, सही आहे, तारीख आहे. वॉर्डात मात्र काहीच बदललेलं नसतं. माझं ठाम मत असं की रिपोर्टच्या शेवटी एखादी वस्तू, जागा, कागद किंवा ड्युटीची पद्धत बदलली पाहिजे, आणि ज्याने लिहिलं त्याला ते कळलं पाहिजे. या दोन गोष्टी होणार नसतील तर लोकांकडून फॉर्म मागायचा आपल्याला हक्क नाही.

तुमच्याकडे कसं आहे? कारखाना, रेल्वे, विमान, बँक, कुठलंही चालेल.

भूलतज्ज्ञ_कोल्हापूर

फार महत्त्वाचा धागा. आमच्या शाखेत या विचाराची सुरुवात बरीच आधी झाली, म्हणून थोडं सविस्तर.

दुसऱ्या महायुद्धात अमेरिकन हवाई दलात वैमानिक का चुकतात यावर जॉन फ्लॅनागन नावाच्या मानसशास्त्रज्ञाने काम केलं. 'चांगला वैमानिक कसा असतो' असे मोघम प्रश्न सोडून त्याने लोकांना विचारलं: नेमका एक प्रसंग सांगा, तुम्ही काय केलं, त्यातून काय झालं. १९५४ साली त्याने ही पद्धत लेख लिहून मांडली. बोस्टनच्या मॅसॅच्युसेट्स जनरल हॉस्पिटलमध्ये जेफ्री कूपर यांनी तीच भूलशास्त्रात आणली. कूपर डॉक्टर नव्हेत, इंजिनिअर. त्यांनी भूलतज्ज्ञांना बसवून त्यांच्याकडून प्रसंग काढून घेतले. १९७८ च्या त्यांच्या लेखात टाळता येण्याजोगे ३५९ प्रसंग आहेत आणि त्यांतल्या ८२ टक्क्यांत मानवी चुकीचा वाटा होता. नळी निसटली, वायूचा नॉब चुकून फिरला, सिरिंजची अदलाबदल झाली, हे त्यांत वारंवार येतं.

इथे लोक ८२ टक्के ऐकतात आणि म्हणतात, बघा, माणसंच चुकतात, त्यांना समज द्या. कूपर यांनी तसं केलं नाही. यंत्राची रचना, थकवा, घाई, अपुरी ओळख, एकाने दुसऱ्याकडे केस सोपवताना सुटलेली माहिती, हे सगळं त्यांनी त्या चुकांच्या मागे शोधलं. आज भूलयंत्रावर ऑक्सिजनचा नॉब बाकीच्यांपेक्षा वेगळ्या आकाराचा आणि खाचांचा असतो, म्हणजे न बघताही बोटांना कळतो. नायट्रस ऑक्साइडचा सिलिंडर ऑक्सिजनच्या जागी बसतच नाही, कारण खुंट्या जुळत नाहीत. 'काळजी घ्या' म्हणून हे साधलं नसतं.

ऋतुजा_नर्सिंग

वाचतेय. पोटॅशियमबद्दल आम्हाला पहिल्या वर्षीच शिकवलं होतं, पण अँप्युल सारख्या दिसतात हे कुणी सांगितलं नव्हतं.

रिअ‍ॅक्टरवाला

मी तारापूर भागात केमिकल प्लांटला शिफ्ट इन्चार्ज. आमच्याकडे उलटा प्रकार. 'निअर मिस' (म्हणजे तुमचं 'थोडक्यात निभावलं') कार्ड आहेत आणि महिन्याला प्रत्येकी दोन कार्डांचं टार्गेट आहे. मग महिनाअखेर लोक एकत्र बसून लिहितात: जिन्याचा कठडा सैल, पाण्याचा पाइप वाटेत, हेल्मेटचा पट्टा तुटका. सेफ्टी ऑफिसरच्या एक्सेलमध्ये आकडा छान दिसतो. रात्री दोनला रिअ‍ॅक्टरचं तापमान मर्यादेबाहेर गेलं आणि ऑपरेटरने चिल्ड ब्राइन (थंड केलेलं खारं पाणी) उघडून खाली आणलं, हे कार्ड त्यात नसतं. कारण त्यावर पुढचा प्रश्न येणार, बॅच कुणाची होती?

दुसरी गोष्ट गेटवरच्या बोर्डाची. 'अपघातविरहित दिवस' आणि पुढे आकडा. मी आधी ज्या कंपनीत होतो तिथे ठरावीक आकडा गाठला की सगळ्यांना भेटवस्तू मिळायची. तेव्हाच्या फॅक्टरी अ‍ॅक्टच्या कलम ८८ प्रमाणे कामगार ४८ तास किंवा जास्त कामावर येऊ शकला नाही तर अपघाताची नोटीस द्यावी लागायची. म्हणून काय व्हायचं, हाताला प्लास्टर घातलेला माणूस दुसऱ्या दिवशी कंपनीच्या गाडीने आणून ऑफिसात बसवायचे. हजेरी लागली, ४८ तास झाले नाहीत, बोर्डावरचा आकडा पुढे. तो गळ्यात हात अडकवून दिवसभर खुर्चीत बसून राहायचा, आणि त्याच्या हातावर जे पडलं तो पंपाचा गार्ड तसाच ढिला. पुढच्या शिफ्टचा माणूस त्याच पंपापाशी उभा.

भोपाळच्या बाबतीतही आधी इशारे मिळाले नव्हते असं कुणी म्हणू नये. डिसेंबर १९८१ मध्ये त्याच प्लांटमध्ये फॉस्जीन या विषारी वायूने एक कामगार गेला होता. १९८२ मध्ये कंपनीच्याच अमेरिकन पथकाने तपासणी करून त्रुटी लिहून दिल्या होत्या. राजकुमार केसवानी नावाचे पत्रकार त्याच वर्षापासून स्थानिक साप्ताहिकात धोका लिहीत होते. डिसेंबर १९८४ पर्यंत दोन वर्षं हातात होती.

मेघना_क

@रिअ‍ॅक्टरवाला, टार्गेटचा मुद्दा पूर्ण पटला. आमच्याकडेही 'फॉर्म कमी म्हणजे वॉर्ड चांगला' असं मानून मध्यंतरी बक्षीस द्यायचा विचार निघाला होता. मी आणि मेट्रनने मिळून तो हाणून पाडला. ज्या वॉर्डातून वर्षभरात एकही औषधचुकीचा फॉर्म येत नाही त्या वॉर्डाची मला जास्त काळजी वाटते.

सरकारी_सिस्टर

मेघनाताई, तुमचं सगळं बरोबर आहे. पण आमची बाजूही ऐका.

९ जानेवारी २०२१, भंडारा जिल्हा रुग्णालय, नवजात बाळांचा अतिदक्षता कक्ष, पहाटेची आग, १० बाळं गेली. राज्यातल्या प्रत्येक सिस्टरला ही तारीख पाठ आहे. मग राज्यभर फायर ऑडिटचे आदेश निघाले. २१ एप्रिलला नाशिकच्या झाकिर हुसेन रुग्णालयात ऑक्सिजनच्या टाकीची गळती, दाब पडला, २० पेक्षा जास्त रुग्ण गेले. दोनच दिवसांनी विरारला आयसीयूत आग. आणि ६ नोव्हेंबरला नगरच्या जिल्हा रुग्णालयात आयसीयूला आग लागली, ११ जण गेले. भंडाऱ्यानंतर दहा महिन्यांनी.

भंडाऱ्यात दोन सिस्टरांवर गुन्हा दाखल झाला, नगरमध्ये डॉक्टर आणि सिस्टरांना अटक झाली. कुणाची किती चूक हे मी इथे ठरवणार नाही, ते कोर्ट ठरवेल. पण वॉर्डातली वायरिंग सिस्टर बसवत नाही. स्प्रिंकलर सिस्टर खरेदी करत नाही. एका ड्युटीला किती बाळं सांभाळायची हे सिस्टर ठरवत नाही. आमच्याकडे एसीचा बोर्ड तापतोय, प्लगला जळका वास येतोय, हे इन्चार्ज सिस्टर रजिस्टरला लिहितात आणि पत्र बांधकाम विभागाकडे जातं. तिथून इलेक्ट्रिकल उपविभाग, मग अंदाजपत्रक, मग निधी. त्या पत्रावर आवक क्रमांक पडतो, पुढे काय झालं हे पत्र लिहिणारीला कधीच कळत नाही. उद्या काही झालं तर चौकशीत पहिल्यांदा विचारणार, त्या वेळी ड्युटीवर कोण होतं.

आम्ही लिहीत नाही असं कृपया कुणी म्हणू नका. आम्ही लिहितो. वाचणारा कुठे बसतो ते आम्हाला माहीत नाही.

भूलतज्ज्ञ_कोल्हापूर

ताई, तुमचा प्रतिसाद इथल्या प्रत्येक रुग्णालय प्रशासकाने वाचावा. +१

वकील_नागपूर

भीतीचा मुद्दा निघालाच आहे तर कायद्याची बाजू मांडतो.

१ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहिता लागू झाली. कलम १०६(१) प्रमाणे निष्काळजीपणाने मृत्यू झाल्यास पाच वर्षांपर्यंत शिक्षा होऊ शकते. नोंदणीकृत वैद्यकीय व्यावसायिकाकडून उपचार करताना असं घडलं तर कमाल दोन वर्षं. आता स्पष्टीकरण नीट वाचा. तिथे व्यावसायिक म्हणजे नॅशनल मेडिकल कमिशन कायद्याखालची पदवी आणि वैद्यकीय नोंदवहीत नाव. म्हणजे डॉक्टर. सिस्टर या व्याख्येत बसत नाही. एकाच ऑपरेशन टेबलाशी उभ्या असलेल्या दोघांना वेगवेगळी कमाल शिक्षा. यावर फारशी चर्चा झाली नाही याचं मला वाईट वाटतं.

सर्वोच्च न्यायालयाचा २००५ चा जेकब मॅथ्यू निकाल डॉक्टरांना काही संरक्षण देतो: फौजदारी खटल्यासाठी घोर निष्काळजीपणा लागतो आणि कारवाईआधी स्वतंत्र वैद्यकीय मत घ्यावं लागतं. पण रुग्णालयात आपणहून भरलेला इन्सिडंट फॉर्म पुरावा म्हणून मागवता येणार नाही असा स्वतंत्र कायदा आपल्याकडे नाही. अमेरिकेने २००५ मध्ये तसा कायदा केला. त्यामुळे मेघनाताई, तुमच्या फॉर्मवर लिहिणाऱ्याचं नाव असेल तर ते कुठे आणि किती दिवस ठेवता, याचा लेखी नियम आजच करा.

प्रसाद_सातारा

मी रुग्णालयात काम करत नाही. माझे वडील एका रुग्णालयात होते. त्यांना रक्त पातळ करणारं औषध दोन वेगवेगळ्या डॉक्टरांनी दोन वेगवेगळ्या नावांनी लिहिलं आणि दोन्ही दिलं गेलं. पोटात रक्तस्राव झाला. ते वाचले, पण आम्हाला सांगितलं गेलं की 'वयामुळे होतं असं'. खरं काय ते दुसऱ्या रुग्णालयात केसपेपर दाखवल्यावर कळलं.

इथे सगळे नाव लपवण्याबद्दल, कागद कोर्टात जाऊ नये याबद्दल बोलताय. मग आमचं काय? तुमच्या कमिटीत तो फॉर्म गेला असेल, तुम्ही काही शिकलाही असाल. आम्हाला कोण सांगणार होतं?

मेघना_क

प्रसाद, तुमचा राग योग्य आहे आणि हा प्रश्न मी धाग्यातच घ्यायला हवा इतका महत्त्वाचा आहे. माझ्या मते दोन कागद वेगळे आहेत. पेशंटला काय झालं, कोणतं औषध किती दिलं, त्याचा परिणाम काय झाला, हे केसपेपरवर स्पष्ट लिहिलंच पाहिजे आणि घरच्यांना समोर बसवून सांगितलंच पाहिजे. त्यात गुप्तता नाही. इन्सिडंट फॉर्म त्यापलीकडचा: हे का घडलं, दोन डॉक्टरांच्या चिठ्ठ्या एकत्र बघायची पद्धत का नव्हती, फार्मसीत का पकडलं गेलं नाही. लिहिणाऱ्याला संरक्षण हवं ते या दुसऱ्या कागदावर. पहिला कागद लपवून दुसऱ्याच्या संरक्षणाची मागणी करणारं रुग्णालय मला मान्य नाही.

वकील_नागपूर

सहमत. आणि प्रसाद, मेडिकल कौन्सिलच्या २००२ च्या नियमावलीप्रमाणे रुग्णाने किंवा त्याने अधिकृत केलेल्या व्यक्तीने मागितल्यावर ७२ तासांत कागदपत्रं देणं बंधनकारक आहे. लेखी अर्ज करा आणि पोच घ्या.

सायली_लीड्स

मी मिरजेची, गेली काही वर्षं इंग्लंडमध्ये एनएचएसमध्ये, म्हणजे तिथल्या सरकारी आरोग्यसेवेत, स्टाफ नर्स आहे. प्रसाद म्हणतात ते इकडे २०१४ पासून कायद्यात आहे. गंभीर इजा झाली तर रुग्णालयाने घरच्यांना सांगायचं, माफी मागायची आणि ते लेखीही द्यायचं. मेघनाताई, तुमच्या केसीएलचाही इकडे इतिहास आहे. २००२ मध्ये रुग्णसुरक्षेसाठी नेमलेल्या राष्ट्रीय संस्थेने काढलेला पहिलाच इशारा तीव्र पोटॅशियम क्लोराइड साध्या वॉर्डांतून काढून टाका हा होता.

पण मला विनक्रिस्टिनबद्दल सांगायचंय. हे कॅन्सरचं औषध, फक्त शिरेतून द्यायचं. पाठीच्या कण्यात गेलं तर जवळजवळ नेहमी मृत्यू, तोही सावकाश. त्याच पेशंटला त्याच दिवशी दुसरं औषध कण्यातून द्यायचं असतं, दोन्ही सिरिंजमध्ये, आणि सिरिंज दोन्हीकडे बसते. जून २००० मध्ये आरोग्य खात्याने सर लियाम डोनल्डसन यांच्या अध्यक्षतेखाली चुकांपासून शिकण्याविषयी अहवाल काढला. त्यात याच चुकीचा उल्लेख होता, २००१ अखेरपर्यंत ती शून्यावर आणायचं उद्दिष्टही होतं. आणि जानेवारी २००१ मध्ये नॉटिंगहॅमला वेन जोवेट या १८ वर्षांच्या मुलाला विनक्रिस्टिन कण्यात दिलं गेलं. फेब्रुवारीत तो गेला. देशाला माहीत होतं, अहवालात छापलेलं होतं, तरी त्या वॉर्डापर्यंत पोचलं नव्हतं.

उपाय पुढे आला तो असा: विनक्रिस्टिन सिरिंजमध्ये भरायचंच नाही, छोट्या सलाइनच्या पिशवीत घालून द्यायचं. पिशवी कण्याच्या सुईला लावायची कुणाच्या मनातही येत नाही. जागतिक आरोग्य संघटनेनेही २००७ मध्ये हेच सांगितलं. शिवाय आता कण्याच्या सुयांचं तोंडच वेगळ्या मापाचं मिळतं, साधी सिरिंज त्यावर बसत नाही.

इकडे सगळं आलबेल आहे असा समज नको. लेस्टरच्या एका ज्युनिअर डॉक्टरला २०१५ मध्ये एका मुलाच्या मृत्यूबद्दल दोषी ठरवलं, २०१८ च्या जानेवारीत तिचं नाव नोंदवहीतून काढलं, ऑगस्टमध्ये अपिलात परत घेतलं. त्या काळात माझ्यासोबतचे डॉक्टर स्वतःच्या शिकण्याच्या टिपणांत काहीही खरं लिहायला घाबरायचे. अमेरिकेत नॅशव्हिलला २०१७ मध्ये एका नर्सने चुकीचं औषध दिलं, लगेच स्वतः सांगितलं, आणि २०२२ मध्ये ती फौजदारी खटल्यात दोषी ठरली. त्या बातमीनंतर आमच्या वॉर्डात कित्येक दिवस तोच विषय होता.

हँगर_सांताक्रूझ

विमानाच्या देखभालीत आहे. भीतीवर विमान वाहतुकीने एक उत्तर काढलं, ते इथे नोंदवतो.

१ डिसेंबर १९७४. टीडब्ल्यूए या अमेरिकन कंपनीचं विमान वॉशिंग्टनजवळ डलस विमानतळावर उतरताना डोंगरावर आदळलं, ९२ जण गेले. 'अप्रोचला (उतरण्यासाठी जवळ यायला) परवानगी' याचा अर्थ वैमानिकांनी एक घेतला, कंट्रोलरने दुसरा. चौकशीत निघालं की सुमारे सहा आठवडे आधी दुसऱ्या कंपनीचं विमान त्याच ठिकाणी, त्याच गैरसमजामुळे थोडक्यात वाचलं होतं. त्या कंपनीने आपल्या वैमानिकांना सावध केलं. बाकीच्यांपर्यंत ते गेलं नाही.

त्यातून अमेरिकेत १९७६ मध्ये एएसआरएस, म्हणजे विमानसुरक्षेचे रिपोर्ट गोळा करणारी व्यवस्था, सुरू झाली. यातली अक्कल अशी की रिपोर्ट शिक्षा करणाऱ्या खात्याकडे जात नाहीत, नासाकडे जातात. नासाला कुणाचं लायसन्स काढायचा अधिकारच नाही. फॉर्मवर नावाची वेगळी पट्टी असते. गरज पडली तर ते फोन करून माहिती घेतात, मग पट्टी फाडून शिक्का मारून लिहिणाऱ्यालाच परत पाठवतात. पुढे कारवाई निघाली तर तीच पट्टी त्याचा पुरावा: मी दहा दिवसांच्या आत कळवलं होतं. मुद्दाम केलेलं, गुन्हा किंवा अपघात असेल तर संरक्षण नाही. आणि दर महिन्याला आलेल्या रिपोर्टांतून निवडक मजकूर नावं काढून छापून सगळ्यांना पाठवतात.

सरकारी सिस्टर म्हणाल्या की वाचणारा कुठे बसतो ते माहीत नाही. इथे सगळ्या वैमानिकांना ते माहीत असतं.

जुना_गार्ड

रेल्वेतही निम्मं असं आहे. मोठ्या अपघाताची चौकशी करणारे रेल्वे सुरक्षा आयुक्त रेल्वे मंत्रालयाखाली नसतात, नागरी विमान वाहतूक मंत्रालयाखाली असतात. गाड्या चालवणारा वेगळा, चौकशी करणारा वेगळा. पण ते अपघात झाल्यावर. अपघात न झालेल्या गोष्टी सांगणाऱ्याला अभय नाही. लाल सिग्नल चार पावलं ओलांडला तरी मोटरमनची नोकरी जाऊ शकते, मग अमुक वळणावर सिग्नल झाडामागे जातो हे तो लेखी कशाला देईल? लॉबीत एकमेकांना सांगतात, 'जरा जपून, तिथे दिसत नाही.'

भूलतज्ज्ञ_कोल्हापूर

विमानाचा विषय निघाला म्हणून मार्टिन ब्रॉमिली. ते ब्रिटनमधले वैमानिक. २००५ मध्ये त्यांची पत्नी सायनसच्या साध्या ऑपरेशनला गेली, भूल देताना श्वासनलिकेत नळी जाईना, ऑक्सिजन पडला. अनुभवी डॉक्टर नळी घालण्याचेच प्रयत्न करत राहिले. एका सिस्टरने गळ्यातून श्वासमार्ग करण्याचा संच आणून ठेवला होता. दुसरीने आयसीयूत बेडची सोय करून तसं सांगितलं, तर उगाच घाबरल्यासारखं तिच्याकडे बघितलं गेलं आणि तिने तो बेड सोडला. पत्नी काही दिवसांनी गेली. ब्रॉमिलींना धक्का बसला तो हा की आपणहून चौकशी होणारच नव्हती, त्यांना ती मागावी लागली. नंतर त्यांनी कुणाच्या मागे न लागता रुग्णालयांतल्या मानवी घटकांवर काम करणारी संस्था काढली. आमच्याकडे नव्या निवासी डॉक्टरांना मी हे प्रकरण पहिल्या आठवड्यात सांगतो. आणि ओटीत (ऑपरेशन थिएटरमध्ये) प्रत्येकाला सांगून ठेवलंय, सिस्टर असो वा वॉर्डबॉय मामा, ऑक्सिजन पडताना दिसला तर मोठ्याने आकडा म्हणायचा. मला राग येणार नाही.

फार्मासिस्ट_दादर

औषधांपुरतं माझं. १९८६ मध्ये मुंबईच्या जे. जे. रुग्णालयात १४ रुग्ण गेले. मेंदूवरची सूज उतरवायला दिलेल्या ग्लिसरॉलमध्ये डायइथिलिन ग्लायकॉल होतं. न्यायमूर्ती लेंटिन आयोगाने खरेदीपासून अन्न व औषध प्रशासनापर्यंत सगळ्यांवर बोट ठेवलं. मंत्र्यांना जावं लागलं. आम्ही तेव्हा शिकत होतो, वाटलं हे पुन्हा होणार नाही. २०२० मध्ये जम्मूच्या उधमपूर जिल्ह्यात तेच विष, मुलांच्या खोकल्याच्या औषधात. २०२२ मध्ये गांबियात, आपल्या देशातून गेलेलं औषध. २०२५ मध्ये मध्य प्रदेशात छिंदवाड्याची मुलं, त्यांतली कित्येक नागपूरला उपचारासाठी आणली होती, वीसपेक्षा जास्त गेली. अहवाल लिहिणं म्हणजे शिकणं नव्हे, याचं याहून दुःखद उदाहरण मला माहीत नाही. प्रत्येक बॅचची तपासणी ही नेमाने व्हायची गोष्ट आहे, ती मृत्यूनंतर होते.

प्रसाद, तुम्हाला उपयोगी एक माहिती. औषधाचा दुष्परिणाम कळवायला डॉक्टरच लागतो असं नाही. २०१० पासून देशात फार्माकोव्हिजिलन्स कार्यक्रम आहे, गाझियाबादच्या भारतीय औषधसंहिता आयोगाकडून चालतो. ग्राहकांसाठी सोपा फॉर्म आहे, टोल फ्री क्रमांक १८००-१८०-३०२४. औषधाचं नाव, बॅच क्रमांक, कधी सुरू केलं, काय झालं एवढं जवळ ठेवा. बाटली फेकू नका.

प्रसाद_सातारा

धन्यवाद. वडिलांच्या कागदांसाठी अर्ज करतोच आहे. त्या रुग्णालयाने एवढं जरी सांगितलं की आता दोन डॉक्टरांची औषधं एकाच चार्टवर लिहितो, तरी मला पुरे.

ऋतुजा_नर्सिंग

एक विचारू का? इंटर्नशिपला वॉर्डात काही दिसलं तर फॉर्म कसा लिहायचा? चुकीचं लिहिलं तर मॅडम ओरडतात आणि कुणाविरुद्ध लिहिलंय असं वाटलं तर वॉर्डात बोलणंच बंद होतं.

मेघना_क

ऋतुजा, 'निष्काळजीपणे', 'दुर्लक्ष केलं', 'गोंधळ घातला' असे शब्द नको. डोळ्यांनी दिसलं तेवढंच लिही. 'सिस्टर अमुक यांनी चुकीची अँप्युल घेतली' असं लिहिण्यापेक्षा: 'रात्री २.४० वाजता ट्रेच्या डाव्या कप्प्यात डिस्टिल्ड वॉटर आणि केसीएलच्या अँप्युल एकत्र होत्या. दोन्ही १० मिली. लेबल दिव्याखाली धरल्यावर वाचता आलं. त्या वेळी वॉर्डात २८ पेशंट आणि दोन सिस्टर होत्या.' यात कुणाचं नाव लागत नाही आणि वाचणाऱ्याला काय बदलायचं ते लगेच कळतं. फोटो काढायचा तर ट्रेचा काढ, पेशंटचा किंवा केसपेपरचा नको. आधी इन्चार्ज सिस्टरांना दाखव, 'हे लिहू का' असं विचारून नाही, 'हे लिहिलंय, काही राहिलं का' असं विचार.

वकीलसाहेबांच्या सूचनेवर काम सुरू केलंय. फॉर्मचा वरचा भाग, नाव आणि मोबाइल, फाडून वेगळा करता येईल असा छापायला टाकतेय. माहिती घेऊन झाली की तो तुकडा लिहिणाऱ्याला परत. हँगर यांचे आभार, कल्पना त्यांच्याकडून घेतली.

@सरकारी_सिस्टर, तुमच्या वॉर्डातल्या त्या पत्रांच्या तारखा आणि आवक क्रमांक एका वहीत उतरवून ठेवता येतील का? एक प्रत इन्चार्जकडे, एक संघटनेकडे.

सरकारी_सिस्टर

वही आहे. इन्चार्ज सिस्टरांनीच सुरू केली, भंडाऱ्यानंतर. कालच मेट्रनला दाखवली. आवक क्रमांकाच्या पुढचा रकाना रिकामा आहे, त्यात 'काय केलं' हे बांधकाम विभागाच्या माणसाने सहीसकट लिहायचं, असं त्यांनी जिल्हा शल्यचिकित्सकांकडे मांडायचं कबूल केलंय. पुढच्या सोमवारी बैठक आहे, काय ठरतं ते इथे कळवते.

रिअ‍ॅक्टरवाला

कळवा नक्की. तो रकाना मी आमच्या निअर मिस कार्डवर मागतोय. दोनचं टार्गेट काढून त्याजागी तो द्या म्हणून सेफ्टी कमिटीत विषय टाकला आहे, कामगार प्रतिनिधींची सही घेऊन.